बॅलन डी'ओर पत्रकार देतात, मग आमच्या तालुक्याचा 'मालिकावीर' कोणी निवडायचा?

केळीबाग
मंडळी, नमस्कार. प्रश्न फुटबॉलचा आहे, पण निम्मा गावचाही आहे, म्हणून इथे टाकतोय.

आमच्या रावेर तालुक्यात पोरं दर दिवाळीच्या सुट्टीत सेव्हन-ए-साइड स्पर्धा भरवतात. शाळेचं मैदान, बारा संघ, पाच दिवस. बक्षिसाचे पैसे दोन-तीन बागायतदार देतात. कोण जिंकलं यावर कधी वाद होत नाही, वाद होतो शेवटच्या एका ट्रॉफीवरून: मालिकावीर. गेल्या वर्षी ती ज्या पोराला गेली तो उपांत्य सामन्यात अर्धा वेळ बाकावर बसलेला होता. ट्रॉफी ज्यांनी दिली ते त्याचे सख्खे मामा. मैदानात सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या आणि पुढचे पंधरा दिवस टपरीवर दुसरा विषय नव्हता.

यंदा समितीत ठरलं, मामालोक बाजूला. मी म्हटलं बॅलन डी'ओरसारखं करू (वर्षातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूला पत्रकारांच्या मतांवर मिळतो तो पुरस्कार), तालुक्यातल्या चार-पाच वार्ताहरांकडून मतं घेऊ. त्यावर एकाने विचारलं, "पत्रकाराला फुटबॉलमधलं काय कळतं?" मला तिथल्या तिथे उत्तर सुचलं नाही. तुम्हाला सुचतंय का?

वाचनमात्र
शेव-मुरमुरे घेऊन बसलो आहे. चालू द्या.

भुसावळ_जंक्शन
उत्तर आहे की. ते बक्षीस सुरूच एका पत्रकाराच्या डोक्यातून झालं. गाब्रिएल आनो हा आधी स्वतः खेळाडू होता, मग पत्रकार झाला. युरोपियन कप सुरू करण्याची कल्पनाही त्याचीच. 'फ्रान्स फुटबॉल' या नियतकालिकाने १९५६ साली पहिला बॅलन डी'ओर दिला तो इंग्लंडच्या स्टॅनली मॅथ्यूजला. वय किती? ४१. त्याचे गुण ४७, दुसऱ्या नंबरावर रेआल माद्रिदचा डी स्टेफानो ४४. त्याच वर्षी माद्रिदने पहिला युरोपियन कप उचलला होता, तरी पत्रकारांनी मत दिलं ब्लॅकपूलच्या एका चाळिशी उलटलेल्या विंगरला. आज कुणी असं मत दिलं तर त्याला ट्रोल करून करून मोबाइल बंद करायला लावतील.

आमच्या लहानपणी भुसावळला रेल्वेच्या मैदानावर संध्याकाळी लोको शेडची माणसं खेळायची. अँग्लो-इंडियन काका लोक अनवाणी पोरांना सोबत घ्यायचे. चांगला कोण हे तिथे कुणी मतदान करून ठरवत नव्हतं. ज्याला दोन्ही टीमवाले आधी मागत तो चांगला.

गिरणाकाठ
मॅथ्यूज वगैरे ठीक आहे काका, पण ज्या यादीत पेले नाही आणि मॅराडोना नाही ती यादी कसली? हे म्हणजे भरीत पार्टी ठेवायची आणि वांगी आणायची नाहीत.

भुसावळ_जंक्शन
भो, नियमच तसा होता. १९९५ पर्यंत फक्त युरोपियन नागरिकत्वाचे खेळाडू चालत. म्हणून १९८६ ला मॅराडोनाने वर्ल्ड कप जिंकला आणि बॅलन डी'ओर गेला सोव्हिएत युनियनच्या बेलानोवला. १९९५ ला दार उघडलं तर पहिलाच आत आला लायबेरियाचा जॉर्ज विआ. आजही आफ्रिकेतला तो एकटाच. आणि जगात कुठेही खेळणारा चालेल हे तर २००७ पासून.

पुण्यातला_खान्देशी
धागाकर्त्याला एक सांगतो, पत्रकारांऐवजी खेळाडूंनाच विचारा असं कुणीतरी म्हणेलच. तो प्रयोग करून झालाय. २०१० ते २०१५ हा पुरस्कार फिफाच्या पुरस्कारात विलीन होता, तेव्हा प्रत्येक देशाचा कर्णधार, प्रशिक्षक आणि एक पत्रकार अशी तीन मतं असायची. २०१० ला पत्रकारांच्या मतात पहिला होता हॉलंडचा स्नायडर. इटलीच्या इंटर क्लबकडून तीन मोठी विजेतेपदं, वर वर्ल्ड कपची फायनल. कर्णधार आणि प्रशिक्षकांची मतं मिसळली आणि तो चौथा झाला, ट्रॉफी मेस्सीला. २०१३ ला पत्रकारांचा पहिला रिबेरी, अंतिम निकालात तिसरा.

म्हणजे ज्यांना फुटबॉल 'कळतं' ते लोक ओळखीच्या नावाला मत देतात. कर्णधार बिचारा स्वतः खेळत असतो, दुसऱ्यांचे सामने बघणार कधी?

गिरणाकाठ
२०१३ चा विषय काढू नका हो! रोनाल्डोने स्वीडनविरुद्ध हॅटट्रिक मारली होती. मतं त्यालाच पडणार.

पुण्यातला_खान्देशी
हॅटट्रिक झाली १९ नोव्हेंबरला. मतदानाची मुदत होती १५ नोव्हेंबर. मतं कमी आली म्हणून मुदत २९ पर्यंत वाढवली. एवढंच बोलतो आणि बसतो.

गिरणाकाठ
😡 मतपेट्या फोडून मोजणी पुन्हा करा मग.

संपादक मंडळ
मेस्सी-रोनाल्डो वादासाठी वेगळे धागे आहेत, त्यातले चार कुलूपबंद आहेत. इथे नको.

सराफकट्टा
थोडं अवांतर. जळगावचा आहे, धंदा नावातच आहे. 'सोन्याचा बॉल' असं वाचलं की हात शिवशिवतात म्हणून एकदा खोलात गेलो होतो. तो बॉल पॅरिसचं मेलेरियो नावाचं जुनं सराफी घराणं घडवतं. पण आत सोनं नाही. पितळेचे दोन अर्धगोल जोडतात, त्यावर बॉलच्या शिवणी कोरतात आणि वरून सोन्याचं पाणी चढवतात. आमच्याकडे पोकळ डागिन्यात लाख भरतात तेव्हा गिऱ्हाईक वजन बघून हरखतं, त्यातलाच प्रकार.

फुटबॉलच्या मापाचा भरीव गोळा खऱ्या सोन्याचा करायचा म्हटलं तर शंभर किलोच्या वर जाईल. स्टेजवर मेस्सीला क्रेन लागली असती. मेस्सीने असे आठ घरी नेलेत. मोडीत काढायला आणले तर पितळेच्या भावाने घेईन, घट वजा करून.

वाचनमात्र
घट वजा करून 😂😂

आखाजीची_सासुरवाशीण
सराफदादा, मजुरी परत मिळत नाही हे त्याला आधीच सांगा. आम्हाला कुणी सांगितलं नव्हतं.

मिरचीपथारी
नंदुरबारहून. आश्रमशाळेत पीटी शिकवतो. मूळ प्रश्नावर येतो.

पत्रकार की खेळाडू हा वाद मला दुय्यम वाटतो. कोणी का मत देईना, मत जातं गोल मारणाऱ्याला. इतक्या वर्षांत गोलकीपर किती जिंकले? एक. लेव्ह याशिन, १९६३. बुफॉन २००६ ला दुसरा आला, ज्या वर्षी इटलीने वर्ल्ड कप जिंकला; पहिला आला त्याच्याच पुढ्यात खेळणारा कानावारो. बचावातला माणूस जिंकला म्हणून त्या वर्षी मी वर्गात पेढे वाटले होते. त्याआधी झामर, १९९६, तो रोनाल्डोला (ब्राझीलचा, गिरणाकाठ शांत राहा) एका गुणाने मागे टाकून. त्याआधी बेकेनबाउअर दोनदा. कानावारोनंतर बचावाला काही नाही. २०१९ ला व्हान डाइक सात गुणांनी हुकला, ६८६ आणि ६७९.

आमच्या शाळेत एक पोरगा आहे, सातपुड्यातल्या पाड्यावरचा. बॅक खेळतो. त्याच्या अंगावरून बॉल पुढे गेलेला मी दोन वर्षांत मोजक्या वेळा पाहिला. त्याचं नाव कुठल्याच कागदावर नाही, कारण कागदावर रकानेच 'गोल करणारा' आणि 'मिनिट' एवढे. आमची आजी असती तर म्हणाली असती, "बठ्ठं गोल करनाराले, वाचाडनाराले कोन इचारस?"

आखाजीची_सासुरवाशीण
अगदी! माझी मुलगी गोलकीपर आहे, नववीत. सामना जिंकला तर सगळे पुढच्या मुलींना उचलतात, हरला तर हिला बघतात.

आणि मुलींचं निघालंच आहे तर, हा पुरस्कार बायकांना द्यायला २०१८ उजाडलं. पहिली विजेती नॉर्वेची आडा हेगरबर्ग. स्टेजवर बोलावून सूत्रसंचालन करणाऱ्याने तिला विचारलं, कंबर हलवून नाचता येतं का. ती "नाही" म्हणून वळली. नंतर त्याने माफी मागितली. स्पेनच्या ऐताना बोनमातीने २०२३, २०२४, २०२५ असे लागोपाठ तीन घेतले, पण आमच्या घरी टीव्हीवर तिचं नाव कुणी धड घेतलेलं ऐकलं नाही.

केळीबाग
ताई, आमच्या स्पर्धेत मुलींचे संघ नाहीत अजून. खरं सांगायचं तर कुणी मागितले नाहीत आणि आम्ही विचारलं नाही.

आखाजीची_सासुरवाशीण
तेच म्हणतेय भाऊ.

जुना_वार्ताहर
उशिरा येतोय, धागा पूर्ण वाचला. बावीस वर्षं धुळे जिल्ह्यात वार्ताहर होतो. 'पत्रकाराला काय कळतं' याचं उत्तर मीच देतो, कारण गुन्हेगार मीच.

तालुक्याच्या वार्ताहराकडे क्रीडा हा वेगळा विभाग नसतो. सकाळी बाजार समितीचा कापूस, दुपारी पंचायत समितीची सभा, संध्याकाळी कुणाची पुण्यतिथी. स्पर्धेला मी जायचो उद्घाटनाला, फोटो काढायला. अंतिम सामना सहाला सुरू व्हायचा आणि बातमी सातच्या आत फॅक्स करायची असायची. मग काय? आयोजक एक चिठ्ठी द्यायचे: विजेता, उपविजेता, गोल कोणाचे, हस्ते कोण, उपस्थित कोण. त्या चिठ्ठीवरून मी "अटीतटीच्या लढतीत" असं लिहायचो. एकदा सामना ५-० झाला होता, तरी अटीतटीची लढत छापून आली.

बॅकचं नाव त्या चिठ्ठीवर कधीच नसायचं, हे मिरचीपथारी गुरुजींचं बरोबर आहे. मला कुणी तेव्हा मालिकावीर निवडायला सांगितलं असतं तर मी चिठ्ठीतलाच निवडला असता. पॅरिसच्या पुरस्काराला जे मत देतात ते वर्षभर तेच बघतात, तेच लिहितात, ती त्यांची रोजीरोटी. आणि कुणी कुणाला मत दिलं हे देशाच्या नावासकट छापून येतं. चुकीचं मत दिलं तर चारचौघात तोंड दाखवायचंय. केळीबागभाऊ, तुम्ही उसनं घेताय ते 'पत्रकार' हे बिरुद. घ्यायच्या आहेत त्या या दोन गोष्टी.

भुसावळ_जंक्शन
वार्ताहर साहेब, दंडवत.

पुण्यातला_खान्देशी
+१. एक भर घालतो. २०२२ पासून त्यांनीही चाळण बारीक केली. पुरुषांच्या पुरस्कारासाठी फिफा क्रमवारीतल्या पहिल्या १०० देशांचा प्रत्येकी एकच पत्रकार. जानेवारी ते डिसेंबर हिशोब बंद, हंगामाप्रमाणे हिशोब सुरू. निकषही क्रमाने लिहून दिले: आधी खेळाडूची स्वतःची कामगिरी, मग संघाने काय जिंकलं, मग खिलाडूवृत्ती. जुनी पुण्याई मोजायची नाही.

गिरणाकाठ
पहिले १००? म्हणजे भारताचं मत?

पुण्यातला_खान्देशी
आपण आता शंभराच्या बाहेर. बघायला रात्री दोन वाजता जागे आपणच, मत मात्र नाही.

गिरणाकाठ
म्हणजे गावची यात्रा आपली, वर्गणी आपली आणि कुस्तीचा पंच बाहेरगावचा.

सराफकट्टा
ते निकष आमच्या तालुक्यात लावले तर 'खिलाडूवृत्ती'त सगळेच नापास. परवा पंचाची सायकल विहिरीजवळ सापडली.

जुना_वार्ताहर
गुण कसे देणार तेही आत्ताच ठरवा. एकेकच नाव मागू नका. २०२४ आठवा. रॉद्री पहिला, विनिसियस दुसरा, फरक ४१ गुणांचा, ११७० आणि ११२९. तिसरा बेलिंगहॅम, चौथा कार्वाहाल, म्हणजे विनिसियससह तिघं एकाच क्लबचे. ज्याला माद्रिदचा माणूस हवा होता त्याचे गुण तिघांत वाटले गेले. पुरस्कार देणाऱ्यांकडूनही नंतर हेच सांगितलं गेलं. क्लबला सुगावा लागला तसं त्यांचं कुणी समारंभालाच फिरकलं नाही, उत्तम क्लबचा पुरस्कार त्यांना होता तरी.

आमच्याकडे ग्रामपंचायतीत एका भाऊबंदकीतले तिघं उभे राहिले की चौथा निवडून येतो, तेच हे. फरक एवढाच की रॉद्री खरंच चांगला खेळला होता.

मिरचीपथारी
शिवाय तो मधल्या फळीत मागे राहून खेळणारा. गोल मोजणाऱ्यांना न दिसणारा माणूस. १९६० च्या लुइस सुआरेझनंतर स्पेनच्या पुरुषांत तोच पहिला. शावी, इनिएस्ता दोघंही राहिले, विचार करा. त्या रात्री मी पुन्हा पेढे आणले.

वाचनमात्र
गुरुजींच्या शाळेत प्रवेश मिळेल का?

भुसावळ_जंक्शन
२०२० विसरू नका. पुरस्कारच रद्द केला, करोनाचं कारण देऊन. पोलंडच्या लेवांडोव्स्कीने त्या हंगामात ५५ गोल मारले होते. पुढच्या वर्षी मेस्सी ६१३ गुण, लेवांडोव्स्की ५८०. मेस्सी स्टेजवरून म्हणाला की गेल्या वर्षीचा याला द्या. दिला नाही तो नाहीच. तुमची स्पर्धा पावसात वाहून गेली तरी कुणाचा असा घास काढू नका.

केळीबाग
सर्वांचे आभार. समितीत वार्ताहर साहेबांचा प्रतिसाद मोठ्याने वाचून दाखवला. ठरलं ते असं: मतदार पाच. दोन वार्ताहर, दोन बाहेरच्या तालुक्यातले पीटी शिक्षक, एक निवृत्त रेल्वेवाले जे स्वतः खेळलेत. अट एकच, उपांत्यपूर्व फेरीपासून सगळे सामने खुर्चीवर बसून बघायचे. एक जरी चुकला तर मत बाद. प्रत्येकाने तीन नावं क्रमाने द्यायची, गुण ५-३-१. मतपत्रिका सहीसकट शाळेच्या फळ्यावर लावायच्या. आणि गुणपत्रकात दोन नवे रकाने: 'अडवलेले' आणि 'वाचवलेले'.

मामांना कळवलं. ते म्हणाले, "मग ट्रॉफी पण पत्रकारांकडूनच घ्या."

सराफकट्टा
घ्या, त्यात काय. माझ्याकडे पितळी पत्रा पडून आहे. दोन अर्धगोल ठोकून, झाळून, वर सोन्याचं पाणी देऊन देतो. माप फुटबॉलचं नाही जमणार, मोसंबीएवढा होईल. पैसे नकोत, फक्त फोटो इथे टाका.

गिरणाकाठ
मोसंबी डी'ओर!

आखाजीची_सासुरवाशीण
केळीबागभाऊ, तुमच्या तालुक्यात निदान केळं तरी करायला हवं होतं.

केळीबाग
(दिवाळीनंतर)
वृत्तांत देतो म्हटलं होतं, देतो. स्पर्धा झाली. एक वार्ताहर दुसऱ्या दिवशी मंत्र्यांच्या दौऱ्याला गेले, त्यांचं मत नियमाने बाद. त्यांनी वाईट वाटून घेतलं नाही, उलट सुटलो म्हणाले. उरले चार.

नऊ गोल मारणारा एक पोरगा होता, सगळ्यांना वाटलं तोच. तो तिसरा आला, कारण त्यातले सहा गोल पहिल्या दिवशीच्या दुबळ्या संघाविरुद्ध होते आणि ते मतदारांनी पाहिलेच नव्हते. हे बरोबर की चूक, त्यावर अजून भांडण चालू आहे. दुसरा आला एक गोलकीपर, 'वाचवलेले'च्या रकान्यात त्याच्या नावापुढे २३ रेघा. पीटीच्या दोन्ही सरांनी त्याला पहिलं नाव दिलं, बाकी दोघांनी तिसरं. एकूण १२.

पहिला आला, १४ गुणांनी, गेल्या वर्षीचाच तो भाचा.

वाचनमात्र
काय????

केळीबाग
हो. यंदा पोरगा वर्षभर पहाटे पळत होता म्हणे. एकही मिनिट बाहेर बसला नाही, मधून सगळा खेळ त्यानेच चालवला. चारही मतपत्रिकांवर त्याचं नाव आहे: दोन पहिली, एक तिसरी, एक दुसरी. वाटेल त्याने फळ्यावर जाऊन बघावं. लोक जाऊन बघतातही, मोबाइलवर फोटो काढतात, बेरीज करतात आणि टपरीवर येऊन म्हणतात, "मामांनी पाचांना गाठलं असेल." पाच नव्हते, चार होते, एवढं तरी नीट म्हणा!

जुना_वार्ताहर
असं होणारच. गेल्या वर्षी मिळाला नसता तर यंदा त्याच्या मिरवणुकीत डीजे लागला असता. गेल्या वर्षीच्या ट्रॉफीने पोराचंच नुकसान केलं.

बातमी आली का?

केळीबाग
आली. "अटीतटीच्या लढतीत."

जुना_वार्ताहर
🙏

मिरचीपथारी
त्या २३ रेघांच्या कागदाचा फोटो पाठवाल का? आमच्या बॅकला दाखवायचाय.

आखाजीची_सासुरवाशीण
मलाही पाठवा. आणि पुढच्या दिवाळीत आमच्या शाळेच्या मुलींचा संघ येतोय, आत्ताच सांगून ठेवते. मागितला नाही म्हणायला जागा नको.

केळीबाग
पाठवतो दोघांना. ताई, संघ लिहून घेतला. तुमचा पहिला, अजून एक तरी शोधून द्या, सामना तर व्हायला हवा.

सराफदादा, बॉल सगळ्यांना आवडला, पण त्यावर नाव कोरायचं राहिलंय. पोरगा शनिवारी जळगावला येतोय, सोबत देतो.

सराफकट्टा
येऊ द्या, तासाभराचं काम आहे. फक्त मामांचा सकाळीच फोन येऊन गेला. खाली 'सौजन्य' म्हणून त्यांचंही नाव कोरायचं का विचारत होते. म्हटलं मोसंबी लहान आहे, समितीला विचारून सांगतो.

केळीबाग
नको!!!